‘बालवीर’, ‘बालसैनिक’, ‘युद्धग्रस्त’ : एक अर्थविचार

युद्धात वापरल्या गेलेल्या बालकांविषयी मराठीत लिहू जाता पहिली अडचण नामाभिधानाची पडते. ‘बालवीर’, ‘बालसैनिक’ आणि ‘युद्धग्रस्त बालक’ या संज्ञा समानार्थी मानून आलटून पालटून योजणे सदोष आहे. पेण-रोहे भागातील शब्दव्यवहार लक्षात घेतल्यास हा दोष अधिक स्पष्ट होतो.

‘वीर’ हा शब्द लोकव्यवहारात मुख्यतः मृताचा आहे. वीरगळ मृताचा, देव्हाऱ्यातील वीराचा टाकही मृताचाच. रोह्याचे ग्रामदैवत धावीर महाराज; त्यांच्या पालखीस सशस्त्र पोलीस मानवंदना देतात. नावाची व्युत्पत्ती बाजूस ठेवली, तरी शस्त्र आणि देवत्व यांचे सान्निध्य तेथे सर्वपरिचित आहे. ९ सप्टेंबर १९४२ रोजी नंदुरबारच्या गोळीबारात पडलेला शिरीषकुमार बालवीर ठरला, तो याच परंपरेने. त्याच्या हाती मात्र शस्त्र नव्हते. (स्काउटासही मराठीने ‘बालवीर’च म्हटले. १८९९-१९०० च्या मॅफेकिंगच्या वेढ्यात निरोप्ये म्हणून वापरलेली मुले त्या चळवळीच्या पूर्वपीठिकेत आहेत, याचा मागमूस त्या शब्दात नाही.) जिवंत परतलेल्या, कदाचित कोणाचा जीव घेऊन परतलेल्या मुलास ‘वीर’ शब्दात जागाच नाही.

‘सैनिक’ म्हटले की भरती, वेतन आणि निवृत्ती गृहीत धरली जाते. ‘माजी सैनिक’ ही तर मानाची संज्ञा. पळवून नेलेल्या मुलास ती लावणे म्हणजे बळजबरीस सेवेचे रूप देणे होय. शिवाय ओझी वाहणारी मुले आणि बळाने ‘पत्नी’ केलेल्या मुली तीतून निसटतात. २००७ च्या पॅरिस तत्त्वांनी म्हणूनच सशस्त्र दलाशी वा गटाशी ‘संबद्ध’ बालक अशी योजना केली. ती व्यापक खरी, पण कोरडी.

राहिले ‘युद्धग्रस्त’. ‘ग्रस्त’ म्हणजे मुळात गिळलेला. पूरग्रस्त, दुष्काळग्रस्त यांत गिळणारा निसर्ग; तेव्हा युद्धही आकाशातून कोसळते असे सुचविले जाते, हा आक्षेप निराधार नाही. २०१५ च्या बाल न्याय अधिनियमानेही सशस्त्र संघर्ष आणि नैसर्गिक आपत्ती एकाच ओळीत बसविल्या आहेत. परंतु रायगड जिल्ह्यात या उत्तरपदाने निराळेच वळण घेतले. ‘धरणग्रस्त’, ‘प्रकल्पग्रस्त’ यांत गिळणारा नावानिशी ठाऊक असतो, आणि त्या शब्दाचा सरकारी दाखला मिळतो. पेण तालुक्यातील हेटवणे धरणाच्या लाभक्षेत्रातील २२ गावांच्या शेतकऱ्यांनी २१ सप्टेंबर २००८ रोजी नियोजित विशेष आर्थिक क्षेत्राविषयी मतदान केले, ते ‘ग्रस्त’ होण्यापूर्वीच. येथे ‘ग्रस्त’ शब्द कणव मागत नाही, हक्क सांगतो. भरपाई कोणी द्यायची हा प्रश्न त्यात अध्याहृत असतो. बालकांच्या कैवाराचे लेखन मराठीत करणाऱ्याने हाच अर्थ पुढे न्यावा.

तथापि या शब्दासही मर्यादा आहे. कायद्याच्या मराठीत आरोपी मुलास ‘विधिसंघर्षग्रस्त बालक’ म्हणतात. म्हणजे बळी आणि आरोपी दोघेही ‘ग्रस्त’च. सज्ञान होताच मात्र हे उत्तरपद गळून पडते. युगांडातील डॉमिनिक ऑंग्वेन यास बालपणी बंडखोरांनी पळविले होते. पुढे तो त्याच सैन्याचा सेनानी झाला. २०२१ साली आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाने त्यास २५ वर्षांची शिक्षा दिली. त्याच्यासाठी मराठीत अद्याप एक शब्द नाही.