स्वप्नांतील पावशेर तूप

जुन्नर तालुक्यांतील ओतूर येथें बाबाजी चैतन्यांची समाधि आहे. तुकोबांना स्वप्नांत ‘रामकृष्णहरि’ हा मंत्र देणारे गुरु ते हेच, अशी परंपरा सांगते. या प्रसंगाच्या अभंगांत एक तपशील आहे. मस्तकावरील गुरुहस्ताच्या भरांत वाचक तो सहज ओलांडून जातो. गुरूंनीं भोजनाला पावशेर तूप मागितलें, आणि स्वप्नांत त्याचा विसर पडला! आपल्याकडून कांहीं अंतराय घडला म्हणूनच गुरु त्वरेनें गेले काय, ही रुखरुख तुकोबांना लागून राहिली.

या विसराचा उलगडा आजचें मेंदूशास्त्र करूं पाहील. १९५३ सालीं ॲसेरिन्स्की व क्लाइटमन या शिकागोच्या संशोधकांनीं डोळे जलद हालण्याची निद्रावस्था जगापुढें मांडली. ठळक स्वप्नें बहुधा याच अवस्थेंत पडतात. तीत भावनेशीं निगडित केंद्रें जागीं असतात. हातांतलें काम ध्यानांत ठेवणारा मेंदूचा पुढचा भाग मात्र मंदावलेला असतो, असें १९९० नंतरच्या मेंदूचित्रणांत आढळलें. तेव्हां स्पर्श उत्कट आणि तूप विस्मृत, हा निद्रेचाच धर्म; त्यांत तुकोबांचा अपराध कोणता?

येथवर शास्त्राशीं आमचें भांडण नाहीं. परंतु ‘म्हणून ती रुखरुखहि व्यर्थ’ असें कोणी म्हणूं लागल्यास तें मान्य करतां येत नाहीं. विसर निजलेल्या तुकोबांचा होता; रुखरुख जागृत तुकोबांची आहे. स्वप्नांत मी मीच नसतों काय, हा प्रश्न सेंट ऑगस्टिनलाहि पडला होता. विसर कसा पडला हें सांगितल्यानें, त्या विसराचें आपण काय करावें हें ठरत नाहीं.

आमच्या वृद्ध मातुःश्रींच्या विसराळूपणावर आम्ही एके काळीं रागावत असूं. रोग मेंदूचा आहे असें डॉक्टरांनीं सांगितलें, आणि राग तत्काळ ओसरला. रागावल्याची खंत मात्र आजहि ओसरलेली नाहीं. मेंदूच्या ज्ञानाचा नीतीला होणारा उपयोग आम्हांला येथें दिसतो. दुसऱ्याला दोष देतांना तें आपला हात धरतें, आणि तो धरलाच पाहिजे. स्वतःचा हिशेब मात्र तें आपल्यासाठीं मिटवीत नाहीं. तुकोबांनीं त्या पावशेर तुपाचा दोष गुरूंवर वा झोपेवर लोटला नाहीं. अभंगाचा मोठेपणा आम्हांस त्यांतच वाटतो.