नाव गाजले, काम झाकले गेले

१९७७ च्या ‘अमर अकबर अँथनी’ चित्रपटामुळे अँथनी गोन्साल्विस हे नाव घरोघरी पोहोचले. पण विनोदी पात्राचे म्हणून. संगीतकार प्यारेलाल यांनी त्या गीतातून आपल्या व्हायोलिन-गुरूला वंदन केले होते, याची जाण फार थोड्यांना आहे.

गोव्यातील माजोर्डा गावी १९२७ साली जन्मलेल्या अँथनी यांचे वडील चर्चच्या गायनवृंदाचे प्रमुख होते. चर्चच्या छायेत स्वरलेखन शिकलेल्या अनेक गोवेकरांप्रमाणे तेही मुंबईच्या चित्रपटसृष्टीत आले. संगीतकाराची चाल वाद्यवृंदासाठी लिहून काढणे, तिला स्वरमेळाची जोड देणे हे संयोजकाचे काम. श्रेयनामावलीत मात्र त्याचे नाव क्वचितच येई.

आमच्या मते त्यांची खरी थोरवी चित्रपटाबाहेर आहे. १९५८ मध्ये त्यांनी स्वतःचा वाद्यवृंद उभारला आणि सेंट झेवियर्स महाविद्यालयाच्या प्रांगणात रागाधारित रचना सादर केल्या. लता मंगेशकर व मन्ना डे त्यात गायले. राग एकेका स्वराने उलगडतो; त्यावर स्वरमेळ चढवला की त्याचे रूप बिघडण्याची भीती असते. ही जोखीम त्यांनी जाणून पत्करली. तो वाद्यवृंद टिकला नाही. १९६५ मध्ये ते अमेरिकेस गेले, पुढे माजोर्ड्यास परतले आणि २०१२ साली निवर्तले.

शिष्याच्या कृतज्ञतेने नाव वाचले. रचना वाचवायच्या तर त्या वाजवल्या पाहिजेत. ते काम आपल्या गायनवृंदांचे आहे, असे आम्हांस वाटते.